हातउसने म्हणून लिहा

माझ्या लग्नाला अडीच-तीन महिने झाले असतील, तेव्हा माझ्या वडिलांचा चेक बँकेतून परत आला.

मी लातूरच्या घरी मागच्या अंगणात टँकरचं पाणी हंड्यातून पिंपात ओतत होते. सासरे दुकानातून जेवायला आले, पायरीवर चपला काढल्या आणि सासूबाईंना म्हणाले, "सूनबाईच्या बापाचा चेक आला माघारी." आवाज चढला नव्हता. आजही पाऊस न्हाई म्हणावं, तसं म्हणाले. माझ्या हातातला हंडा तसाच कलता राहिला आणि पाणी पिंपाबाहेर माझ्या पायांवर पडत राहिलं. आतून सासूबाई ओरडल्या, "अगं, पाणी सांडून राहिली की!"

सासऱ्यांना मी मामा म्हणायचे आणि सासूबाईंना आत्या. आमच्याकडं तशीच रीत आहे. वडिलांना आम्ही भावंडं अण्णा म्हणायचो.

अण्णा नांदेडच्या एका हायस्कुलात चित्रकलेचे मास्तर होते. पगार बँकेत जमा व्हायचा म्हणून त्यांच्याकडं चेकबुक होतं. आमच्या गल्लीत तेव्हा दुसऱ्या कुणाकडं ते असेल असं मला वाटत नाही. शाळा सुटली की सायकलवर रंगाचे डबे टांगून ते अर्धापूरला जायचे. तिथल्या केळीच्या व्यापाऱ्यांच्या दुकानांचे बोर्ड आणि ट्रकच्या पाठीवरची नावं तेच रंगवायचे. त्या वरकमाईतून त्यांनी अर्धापुरातच रस्त्याला लागून एक प्लॉट घेऊन ठेवला होता. तो माझ्या लग्नासाठी आहे, हे मला शाळेत असल्यापासून माहीत होतं. प्लॉट विकून लग्न म्हणजे काय, हे मात्र मी कधी मनाशी नीट बोलले नव्हते.

लग्नाची बैठक आमच्या घरी झाली. पाहुणे बसायला आले तेव्हा दिवाणावर अण्णांच्या शाळेतल्या मुलांची चित्रं पडली होती. हुंडाबंदीवर पोस्टर काढायची स्पर्धा झाली होती आणि नंबर काढायला अण्णांनी ती घरी आणली होती. एका पोस्टरवर तराजू होता, एका पारड्यात नवरी आणि दुसऱ्यात नोटा. माझ्या धाकट्या भावानं ती घाईघाईनं गुंडाळली आणि दिवाणाखाली सारली. मामा ऐसपैस बसले. आम्हा सगळ्यांना ते तेव्हा साधंच वाटलं. पाहुण्यांना बसायला जागा पाहिजे होती, एवढंच.

मामांचं लातूरला विहिरीवरच्या मोटारी आणि पाइपांचं दुकान. लातूर जिल्हा होऊन तेव्हा आठ-दहा वर्षं झाली होती. आधी प्रत्येक कागदासाठी उस्मानाबादला पळावं लागायचं, आता सगळं गावातच आलं होतं. नव्या कचेऱ्या उठल्या होत्या, त्यांच्या आजूबाजूला झेरॉक्सवाले, हॉटेलं, वकिलांच्या पाट्या लागत होत्या. त्या बाजूला धाकट्या मुलाला, म्हणजे माझ्या होणाऱ्या नवऱ्याला, दुसरं दुकान टाकून द्यायचं मामांच्या मनात होतं.

"आमच्यात हुंडा मागत न्हाईत," मामा म्हणाले. "पोराला दुकान टाकून द्यायचंय, त्यात तुमचा बी हातभार लागला तर बरं. पोरगी तुमचीच बसनार हाय त्या घरात."

हातभार पन्नास हजारांचा ठरला. निम्मे लग्नाआधी रोख. उरलेल्या पंचवीस हजारांना अण्णांनी वेळ मागितला, कारण प्लॉटचं गिऱ्हाईक ठरलं होतं पण पैसे दोन महिन्यांनी मिळायचे होते. गिऱ्हाईक केळीचा व्यापारी होता, अण्णांच्या ओळखीचा. मामा म्हणाले, "मग पुढच्या तारखेचा चेक द्या. व्यवहार व्यवहाराच्या जागी."

अण्णांनी कपाटातून चेकबुक आणलं, मांडीवर पाटी घेतली आणि शाईच्या पेनानं चेक लिहिला. मी स्वयंपाकघराच्या दारातून बघत होते. 'पंचवीस हजार रुपये फक्त' हे त्यांनी बोर्डावर काढावं तसं काढलं, वेलांट्या सुद्धा एका मापाच्या. मला तेव्हा लाज वाटली नाही. मला माझ्या वडिलांचं अक्षर फार देखणं वाटलं आणि पाहुण्यांनी ते बघितलं म्हणून बरं वाटलं. लाज पुढं आली, आणि तिच्यातला मोठा हिस्सा या आठवणीचाच आहे.

त्या वर्षी पावसानं पाठ फिरवली. लातूरला नळ आठ-आठ दिवस यायचा नाही. मामांच्या दुकानावर मात्र गर्दी असायची, कारण जो तो बोअर पाडून राहिला होता आणि बोअरला मोटार लागतेच. तिकडं अर्धापूरला केळीचे मळे उभ्या उभ्या वाळले. व्यापाऱ्याकडं माल येईना, त्यानं प्लॉटचा सौदा मोडला आणि अण्णांना म्हणाला, मास्तर, औंदा जमत न्हाई. बोर्ड रंगवायचं कामही थांबलं. हे सगळं मला नंतर कळलं. अण्णांनी मला सासरी काहीच कळवलं नव्हतं.

चेक नांदेडच्या बँकेचा, त्यामुळं तो लातूरच्या बँकेनं वसुलीला नांदेडला पाठवला होता. आठ-दहा दिवसांनी तो परत आला, सोबत एक छोटी चिठ्ठी टाचलेली, 'खात्यात पुरेशी रक्कम नाही'. मामांनी अण्णांच्या शाळेत फोन लावला. हेडमास्तरांच्या खोलीत, चार मास्तरांसमोर अण्णांना तो फोन घ्यावा लागला असणार. अण्णा म्हणाले, पंधरा दिवसांनी पुन्हा भरा, तोवर सोय करतो. मामांनी पंधरा दिवस थांबून चेक पुन्हा भरला. तो पुन्हा परत आला. आता त्याला दोन चिठ्ठ्या टाचलेल्या होत्या.

या सगळ्या दिवसांत घरात मला कुणी वाकडं बोललं नाही. आत्या वाढताना एक भाकरी जास्तच वाढायच्या. पण मी खोलीत गेले की बोलणं थांबायचं. नवरा दुकानातून यायचा, जेवायचा, रेडिओ लावायचा. एकदा मी त्याला म्हणाले, "अण्णा बुडवणार न्हाईत पैसे."

"मी कुठं म्हणलो बुडवतील?" तो म्हणाला आणि रेडिओचा आवाज वाढवला.

मग एक दिवस मामा सकाळी म्हणाले, "सूनबाई, साडी बदलून घे. वकिलाकडं जायचंय. तुझ्या बापाचा पत्ता बरोबर सांगाया लागंल, मला फक्त शाळेचं नाव ठावं हाय."

चेकचा नवा कायदा तेव्हा येऊन फार दिवस झाले नव्हते. मामांना तो तोंडपाठ होता. मोटारी उधार नेऊन चेक देणारे दोन-तीन ठेकेदार त्यांनी त्या कायद्यानं वठणीवर आणले होते. "आता चेक म्हंजे चेष्टा न्हाई," असं ते दुकानात येणाऱ्या प्रत्येकाला सांगायचे. "आत टाकतेत सरळ. एक वर्ष." वकील त्यांचे नेहमीचेच होते. उस्मानाबादहून लातूरला आलेले, कोर्टाच्या जवळच माडीवर त्यांचं ऑफिस होतं.

आम्ही तिघं गेलो. मामा पुढं, त्यांच्या मागं नवरा, मग मी. जिना इतका अरुंद होता की वरून कुणी आलं तर खाली उतरावं लागायचं. वर एका कोपऱ्यात टायपिस्ट मशीन बडवत होता. वकीलसाहेब पन्नाशीचे, डोक्यावर केस कमी, बोलणं हळू. त्यांनी मला खुर्ची दिली. मामा आणि नवरा बाकावर बसले, आणि मी एकटी वकिलांच्या समोर आले. तिथंच मला अवघडल्यासारखं झालं.

मामांनी चेक आणि चिठ्ठ्या पुढं ठेवल्या. वकिलांनी दुसरी चिठ्ठी उजेडाकडं धरून बघितली.

"ही कधी हातात आली, शेठ?"

"परवा."

"मग वेळ आहे. चेकला सहा महिने व्हायचेत, तेही ठीक. पहिल्या वेळी नोटीस दिली नव्हती ना? बरं. आता चिठ्ठी मिळाल्यापासून पंधरा दिवसांच्या आत लेखी नोटीस गेली पाहिजे. त्यांना मिळाली की तिथून पुढं पंधरा दिवस त्यांचे. त्यात पैसे दिले तर विषय संपला. नाही दिले तर त्यापुढं महिन्याच्या आत आपण कोर्टात फिर्याद टाकायची. एक दिवस इकडचा तिकडं झाला तर केस गेली, ते तुम्हाला माहीत आहे."

"ठावं हाय की."

"रजिस्टर पोस्टानं पाठवू, पोचपावती जोडून. पत्ता चुकीचा नको. नोटीस त्यांना पोचली हे आपल्याला दाखवावं लागतं." त्यांनी माझ्याकडं बघितलं. "सांगा बाई."

आणि मी सांगितला. घर नंबर, गल्ली, कोपऱ्यावरची पिठाची गिरणी, मग शाळेचा पत्ता. लहानपणी हरवलीस तर सांगायचं म्हणून अण्णांनीच तो पाठ करून घेतला होता. मी थांबले नाही, अडखळले नाही. टायपिस्टनं कागद मशीनवर चढवला होता आणि तो माझ्या मागोमाग खडखड करत होता. शेवटचा शब्द त्यानं उतरवून घेतला तेव्हा मला कळलं मी काय सांगून बसले. माझ्या आईनं पोस्टमनला दार उघडायचं, सही करायची आणि तो लिफाफा अण्णांपुढं ठेवायचा, एवढ्यासाठी मी तो पत्ता दिला होता.

वकिलांनी कोरा कागद ओढला. "आता सांगा, रक्कम कशापोटी? नोटिशीत ते लिहावं लागतं. चेकच्या मागं देणं पाहिजे. कायद्यानं वसूल करता येईल असं देणं. माल दिला होता का त्यांना?"

"हातउसने म्हणून लिहा," मामा म्हणाले.

"कधी दिलेत?"

मामांनी लग्नाच्या आधीचा एक महिना सांगितला.

"कुठं?"

"नांदेडात. त्यांच्या घरी."

"रोख? एवढी रक्कम? कोण होतं हजर?"

मामांनी माझ्याकडं हात केला. मग म्हणाले, "ही होती की. हिच्यासमोरच दिले."

मशीन थांबलं. वकिलांनी माझ्याकडं बघितलं. त्यांच्या बघण्यात काही कपट नव्हतं, रोजचं काम होतं. "हो का बाई? तुमच्यासमोर दिले यांनी तुमच्या वडिलांना पैसे?"

मी नवऱ्याकडं बघितलं. तो खिडकीतून खाली, रसवंतीच्या रिकाम्या मांडवाकडं बघत होता. मला वाटलं तो काहीतरी बोलेल. हो म्हणेल, नाही म्हणेल, निदान खोकेल. मी बराच वेळ वाट बघितली असं मला वाटतं, पण तो वेळ फार थोडा असणार, कारण वकिलांनी प्रश्न पुन्हा विचारला नव्हता.

"हातउसने नव्हते," मी म्हणाले. "हुंड्याचे होते."

हे शब्द मी मोठ्यानं पहिल्यांदाच उच्चारले होते. खोटं पाडल्याचं धाडस वगैरे काही वाटलं नाही. परक्या माणसासमोर पदर खांद्यावरून घसरावा तसं वाटलं. टायपिस्ट माझ्याकडं बघत होता, त्याच्याच वयाची असेन मी, आणि मी कितीला आले ते त्याला कळलं होतं. त्यातले किती यायचे राहिलेत तेही कळलं होतं.

"हिचं काय ऐकता, लहान हाय," मामा म्हणाले.

वकिलांनी पेनाला टोपण लावलं. "शेठ, हुंडा हे देणं होत नाही. कायद्याच्या नजरेत ते नाहीच. त्याच्यापोटी चेक दिला असेल आणि तो वटला नाही, तर तुम्ही कोर्टात उभे राहू शकत नाही. उलट हुंडा घेतला म्हणून तुमच्यावर येईल. दिला म्हणून त्यांच्यावरही येईल, ते वेगळं."

"आपन हातउसने म्हनू ना पन. कोन इचारतंय?"

"समोरचा वकील विचारेल. तो पहिल्यांदा हिलाच बोलावेल." त्यांनी कोरा कागद बाजूला सारला. "आणि आता मी हे ऐकलंय. ऐकलं नाही असं धरून मला नोटीस लिहिता येणार नाही. दुसऱ्या कुणाकडं जायचं तर जा. पण माझा सल्ला विचाराल तर आपसात मिटवा."

त्यांनी चेक आणि चिठ्ठ्या मामांच्या हातात परत दिल्या आणि फी घेतली नाही. टायपिस्टनं पत्त्याचा कागद मशीनमधून ओढून काढला. तो कुठं टाकायचा हे त्याला कळेना. शेवटी त्यानं तो माझ्याच हातात दिला.

परत येताना मामा रिक्षानं पुढं गेले. नवरा आणि मी चालत निघालो. बरंच अंतर गेल्यावर तो म्हणाला, "खरंच बोललीस तू."

मी हातातल्या पत्त्याच्या कागदाची घडी घातली.

"पण मी बसलो होतो ना तिथं," तो म्हणाला. "माझ्यासमोर असं..." त्याचे कान लाल झाले होते. त्याला माझ्या बोलण्याची लाज वाटत होती की स्वतःच्या गप्प राहण्याची, हे मला त्या रस्त्यावर कळलं नाही आणि मी विचारलंही नाही.

घरी आत्यांना सगळं कळलंच होतं. त्या भाजी निवडत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "लई शिकलेली सून आनली आम्ही. घराची अब्रू वकिलाच्या माडीवर ठिवून आली." मी पाय धुतले आणि त्यांच्यासमोर बसून उरलेली भाजी निवडू लागले. त्यांनी जुडी माझ्याकडं सरकवली. ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं.

मामा दुसऱ्या वकिलाकडं गेले नाहीत. मला वाटलं, विषय संपला. वकिलांनीच सांगितलं होतं, हे देणं कायद्यात बसत नाही, म्हणजे अण्णा सुटले. माझ्या मनात एक गोड चित्रही तयार झालं होतं. कधीतरी अण्णांना हे कळेल, माझ्या पोरीनं मला वाचवलं म्हणतील, आईला सांगतील.

अण्णांना कळलं, पण आमचं लग्न जमवणाऱ्या एका लांबच्या काकांकडून. मामांनी त्यांना बोलावून घेतलं होतं आणि वकिलाकडं काय झालं ते सगळं सांगितलं होतं. काका नांदेडला गेले आणि तिथं त्यांनी ते आणखी दोन घरी सांगितलं.

त्यानंतर काही दिवसांनी, दुपारच्या आत, अण्णा आले. नांदेडहून लोहा, अहमदपूर करत येणाऱ्या गाडीनं, उन्हातून. खांद्याला शाळेतली शबनम पिशवी होती. मी धावत पाणी घेऊन गेले. त्यांनी तांब्या घेतला, माझ्याकडं बघितलं नाही. मामा योगायोगानं घरीच होते.

"चेक द्या माझा," अण्णा म्हणाले.

"बसा की. च्या घ्या आधी."

"आधी चेक द्या."

अण्णांनी पिशवीतून वर्तमानपत्रात बांधलेला पुडा काढून सतरंजीवर ठेवला. अर्धापूरचा प्लॉट त्यांनी दुसऱ्याच माणसाला, ठरल्यापेक्षा पुष्कळ कमी भावात दिला होता. दुष्काळात कोण भाव देणार.

मी दारात उभी होते. मला राहवलं नाही. "अण्णा, देऊ नका," मी म्हणाले. "वकील म्हणालेत, हे देणं लागतच न्हाई. घेणं गुन्हा हाय."

"तू आत जा," अण्णा म्हणाले.

त्यांनी मला आयुष्यात असं कधी सांगितलं नव्हतं. घरात पाहुणे असले तरी ते मला बसवून घ्यायचे, माझी चित्रं दाखवायचे. मी आत गेले. चहाचं आधण ठेवलं आणि ज्या माणसाकडून पैसे घेतले जात होते आणि जो घेत होता, त्या दोघांसाठी चार कपांची साखर मोजून टाकली. चार कपांची का टाकली ते माहीत नाही. चहा फार गोड झाला आणि दोघांनीही तो संपवला.

मामांनी कपाटातून चेक आणून दिला. "मोजून घ्या," अण्णा म्हणाले. मामा म्हणाले, "मास्तर मानूस तुमी, मोजायचं काय त्यात," आणि पुडा न सोडता आत्यांकडं दिला. अण्णांनी चेकच्या टाचण्या काढल्या, तो घडी करून खिशात ठेवला आणि उठले.

त्यांना स्टँडवर सोडायला मी गेले. नवरा दुकानात होता. रस्त्यानं अण्णा माझ्या पुढं चार पावलं चालत होते. स्टँडवर नांदेडची गाडी लागायची होती. बाकावर जागा होती तरी ते उभेच राहिले.

"तुला काय वाटलं," शेवटी ते म्हणाले, "मी पैसे बुडवले असते?"

"न्हाई अण्णा. पण ते नोटीस पाठवणार होते. कोर्टात उभं केलं असतं तुम्हाला."

"मग राहिलो असतो उभा. चूक झाली म्हणलो असतो, भरले असते पैसे. लोक म्हणले असते, दुष्काळ हाय, मास्तरकडं पैसे नव्हते. कुणाकडं हायेत?" त्यांनी रुमालानं मान पुसली. "आता काय म्हणतेत ठावं हाय? मास्तरनं हुंडा दिला, अन् तो बी उधारीवर."

मी म्हणाले, "दिलाच होता ना पण."

हे बोलायला नको होतं असं मला तेव्हाच वाटलं, आणि आजही कधी वाटतं, कधी वाटत नाही. अण्णांनी पिशवी खांद्यावर सारखी केली. गाडी आली, ते चढले, खिडकीजवळ बसले. गाडी सुटेपर्यंत त्यांनी समोरच्या सीटच्या पाठीकडं बघितलं. मी खाली उभी राहून खिडकीच्या गजाला हात लावला होता, तो कंडक्टरनं घंटी दिल्यावर काढला.

दिवाळीच्या आधी नव्या कचेऱ्यांच्या बाजूला आमचं दुकान उघडलं. पूजेला अण्णा आले नाहीत. आईनं शाळेचं कारण सांगितलं. मी नव्या साडीत दारात उभी राहून लोकांना पेढे देत होते आणि प्रत्येक जण म्हणत होता, सून पायगुणाची निघाली. मी हसत होते. शटर, काउंटर, मागचे रॅक, यातलं काय माझ्या प्लॉटचं असेल असा हिशेब मनात आपोआप चालायचा. तो थांबवायला मला काही वर्षं लागली.

पुढं ते दुकान मीच चालवू लागले. मामा थकले, नवऱ्याला मालाच्या गाड्यांमागं फिरावं लागायचं, काउंटरवर मी. चेक परत यायचेच. मग चिठ्ठी घेऊन मी त्याच जिन्यानं त्याच वकिलांकडं जायचे. मुदत किती, नोटीस कशी, पोचपावती कुठं जोडायची, हे मला मामांपेक्षा चांगलं यायला लागलं. वकिलांनी जुनी ओळख कधी दाखवली नाही. फक्त 'रक्कम कशापोटी' हा प्रश्न विचारताना ते कागदाकडं बघायचे, माझ्याकडं नाही. मी बिलं पुढं ठेवायचे. माझी फिर्याद नेहमी खरी असायची, तरी पत्ता सांगायची वेळ आली की माझा आवाज बसायचा. त्या पत्त्यावरही कुणीतरी दार उघडणारं असणार.

नवऱ्यानं एकदाच तो विषय काढला. आम्ही दुकान बंद करत होतो. कुलूप लावताना पाठमोराच म्हणाला, "त्या दिवशी बोलायला मी पाहिजे होतो." मी हो म्हणाले. आम्ही घरी आलो.

अण्णा माझ्याकडं येत राहिले, मुलांच्या बारशाला, मुंजी-वाढदिवसाला, पण सकाळी यायचे आणि दुपारच्या गाडीनं परत जायचे. माझ्याशी बोलायचे ते मुलांच्या मार्फत. तुझ्या आईला सांग, गाडीची वेळ झाली. मी धरून चालले होते की त्यांना माझी लाज वाटते, चार लोकांत बापाला उघडं पाडलेल्या पोरीची. मला त्याचं वाईट वाटायचं आणि रागही यायचा, आणि दोन्हीची मिळून पुन्हा लाज वाटायची.

ते निवृत्त झाल्यावर एकदा मी नांदेडला गेले होते. आई आणि मी शेवया करत होतो. मी सहज विचारावं तसं विचारलं, "अण्णांचा राग गेला का गं माझ्यावरचा?"

आईनं हात थांबवले. "राग कशाचा?"

"वकिलाचं."

"येडी हायेस का," आई म्हणाली. "राग कधी होता? तुला तोंड कसं दाखवू म्हणायचे. पोरीला कळलं, बापानं तिला कशी दिली ते. शाळेत सुद्धा त्या साली ती हुंडाबंदीच्या पोस्टरची स्पर्धा घेतली न्हाई त्यांनी."

मी शेवया तशाच ठेवून बाहेर आले. अण्णा ओसरीवर चष्मा लावून पेपर वाचत होते. इतक्या वर्षांत मी कितीतरी वाक्यं तयार करून ठेवली होती, काही रागाची, काही माफीची. त्यातलं एकही आठवेना. मी त्यांच्या शेजारी बसले. त्यांनी पेपरचं आतलं पान काढून माझ्याकडं दिलं, लहानपणी द्यायचे तसं नाही, घरी आलेल्या मोठ्या माणसाला द्यावं तसं. मी ते घेतलं. थोड्या वेळानं त्यांनी, माझ्याकडं न बघता, विचारलं, "किती दिवस राहणार हायेस?"

"चार दिवस," मी म्हणाले. खरं तर मी दुसऱ्या दिवशी निघणार होते.

"बरं," ते म्हणाले, आणि आत बघून आईला हाक मारली, "ही चार दिवस हाय म्हणं. वांगी आणतो मी."

ते पिशवी घेऊन निघाले. मी चपला घातल्या आणि त्यांच्याबरोबर गेले.